पिल्लांना बल्बची ऊब: किती वॉटचा, किती उंचावर, रात्रभर चालू ठेवायचा का?

चाळीतली चिमणी | ९ जानेवारी, रात्री १०.४०

नमस्कार मंडळी. घाईत आहे म्हणून थेट मुद्द्यावर येते. आज संध्याकाळी नवरा आणि लेक (वय ९) स्टेशनबाहेर भाजी आणायला गेले आणि भाजीऐवजी कोंबडीची चार पिल्लं घेऊन आले. दोन गुलाबी, एक हिरवं, एक नारिंगी. वीस रुपयाला एक. मी नवऱ्याला जे बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही.

आता घरात आलीच आहेत तर जगली पाहिजेत. आम्ही भांडुपला, तिसरा मजला, वन रूम किचन. पिल्लं मिक्सरच्या खोक्यात ठेवलीत, खाली वर्तमानपत्र. जोरजोरात ओरडतायत आणि एकमेकांच्या अंगावर चढून कोपऱ्यात बसतायत. नवरा म्हणतो गारठलीत, बल्ब लावू. आमच्याकडे सगळे एलईडी. शेजारच्या दादांच्या मेव्हण्याची कर्जतला पोल्ट्री आहे, तिथला एक मोठा लाल बल्ब त्यांच्याकडे पडून होता, तो त्यांनी दिलाय. वर २५० वॉट लिहिलंय. खोक्याच्या झाकणाला भोक पाडून तो आत सोडायचा असा नवऱ्याचा बेत आहे. लावू का?

वायरमन | रात्री १०.४६

नका लावू. थांबा, सविस्तर लिहितोय.

खुडूक कोंबडी | रात्री १०.४९

ताई, आजची रात्र बल्बशिवाय निघेल. प्लॅस्टिकच्या बाटलीत हाताला सोसेल एवढं गरम पाणी भरा, झाकण घट्ट, वर जुना पंचा गुंडाळा आणि खोक्याच्या एका बाजूला आडवी ठेवा. पिल्लं आपणहून चिकटून बसतील. दोन-अडीच तासांनी पाणी बदलायचं. ज्यांनी पिल्लं आणली त्यांनाच गजर लावून उठवा.

खोकं खिडकीपासून लांब ठेवा आणि पंखा बंद. आणि ते वर्तमानपत्र आत्ताच्या आत्ता काढा. गुळगुळीत कागदावर पाय घसरतात, दोन-तीन दिवसांत पाय फाकतात आणि मग पिल्लू उभंच राहत नाही. जुन्या सुती चादरीचा तुकडा घाला. टर्किशचा टॉवेल नको, त्याच्या धाग्यांत नखं अडकतात.

वायरमन | रात्री ११.१२

हां. पंचवीस वर्षं वायरिंग करतोय, कोंबड्यांतलं कळत नाही, बल्बमधलं कळतं.

२५० वॉट म्हणजे २३० व्होल्टला एक अँपिअरच्या जरा वर. त्यामुळे वायर जळेल, लोड येईल ही भीती सोडा, इस्त्री याच्या कितीतरी पट खेचते. भीती त्या काचेच्या उष्णतेची आहे. हा बल्ब पोल्ट्रीत मोकळ्या शेडमध्ये, जमिनीपासून दीड-दोन फूट वर, पन्नास-शंभर पिल्लांसाठी टांगतात. मिक्सरच्या खोक्यात तो सोडला की तुमचा तंदूर तयार. पुठ्ठ्याला टेकला तर पुठ्ठा आधी तपकिरी होतो, मग काळा, मग धूर. हे सगळं तुम्ही झोपेत असताना.

लोक म्हणतात, एमसीबी (करंट वाढला की आपोआप पडणारा स्विच) आहे ना घरात. एमसीबीला करंट जास्त झाला तरच कळतं. बल्ब हुकावरून निसटून भुशात पडला तरी तो तेवढाच करंट घेत आरामात जळत राहतो, एमसीबी ढिम्म हलत नाही. आरसीसीबी (करंट बाहेर गळाला की पडणारा स्विच) असेल तर पिल्लांनी पाणी सांडून शॉक बसण्यापासून वाचाल. आगीपासून नाही.

उद्या करायचं ते असं. ४० किंवा ६० वॉटचा पिवळा फिलामेंटचा बल्ब शोधा. एलईडी उजेड देतो, ऊब देत नाही. होल्डर चिनीमातीचा घ्या. काळा बेकलाइटचा होल्डर सतत तापून ठिसूळ होतो आणि एक दिवस बल्बसकट हातात येतो. बल्ब वायरवर लोंबकळत ठेवायचा नाही. वजन साखळीवर घ्यायचं, आणि साखळीशिवाय दुसरी एक बांधणी वेगळ्या ठिकाणी हवी, म्हणजे एक सुटली तरी बल्ब खाली येणार नाही. पकडवाले चिमटे मिळतात त्यांच्यावर माझा काडीचा विश्वास नाही, स्प्रिंग ढिली झाली की खेळ खलास. बल्बभोवती लोखंडी जाळी. एक्स्टेन्शन बोर्ड जमिनीवर नको, भिंतीला.

आणि तिसऱ्या मजल्यावर उंदीर येतात का? येत असतील तर वायर रोज बघा.

शंकासुर | १० जानेवारी, सकाळी ७.३०

मुंबईत कसली आलीय थंडी? आमच्या आजीकडे तीस-तीस पिल्लं असायची, कुठला बल्ब नि कुठली साखळी. उगाच बाऊ.

कोकणकडा | सकाळी ७.५२

शंकासुरा, आजीकडे बल्ब होता की. पंखवाला, चालता, दाणे टिपणारा. खुडूक कोंबडीचं अंग चाळीस-एक्केचाळीस अंश असतं आणि पिल्लं तासातासाला तिच्या पोटाखाली शिरून शेकून येतात. रात्री वर डालगं, म्हणजे बांबूची मोठी टोपली. आई नसलेल्या पिल्लाला काय करणार?

(खुडूक कोंबडी, तुम्हाला नाही हो म्हटलं.)

खुडूक कोंबडी | सकाळी ८.०५

मी पण एक्केचाळीस अंशच आहे सध्या, मुलाच्या परीक्षा आहेत.

पशुसेवक | सकाळी ९.२०

निवृत्त पशुधन पर्यवेक्षक आहे. ताईंनी वर्णन केलंय ते थंडीचंच लक्षण. पिल्लाच्या अंगावर सुरुवातीला नुसती लव असते, स्वतःची ऊब राखणं त्याला जमत नाही. खरी पिसं यायला पाच-सहा आठवडे लागतात.

पहिल्या आठवड्यात ऊबेच्या जागी ३२ ते ३५ अंश सेल्सिअस लागतं. पुढे दर आठवड्याला साधारण तीन अंश कमी करत जायचं. आता मुंबईचा हिशेब बघा. जानेवारीत रात्री घरात विशीच्या आसपास असेल, दुपारी तीसच्या जवळ. म्हणजे रात्री बारा-तेरा अंशांची भर हवी आणि दुपारी जेमतेम चारची. मे महिन्यात दुपारी तर ती भरही लागत नाही. पोल्ट्रीची पुस्तकं 'दर पिल्लामागे एक ते दोन वॉट' सांगतात, ते शेकड्यांनी पिल्लं एकत्र असताना. तुमची चार, म्हणून चार वॉटचा बल्ब लावून चालणार नाही, आणि २५०चा तर मुळीच नाही. वायरमन यांच्याशी सहमत.

थर्मामीटर पिल्लाच्या पाठीच्या उंचीला ठेवा, जमिनीपासून दोन-तीन बोटं वर. भिंतीवर टांगलेला काही कामाचा नाही. तरी आकड्यापेक्षा पिल्लांकडे जास्त बघा. बल्बखाली गठ्ठा करून ओरडत असतील तर थंडी. बल्बपासून लांब पळून, पंख सैल सोडून, चोच उघडी ठेवून धापा टाकत असतील तर उष्मा. सगळी एकाच कडेला चिकटली असतील तर दुसरीकडून वारा येतोय. पसरून बसलीत, काही खातायत, काही डुलक्या घेतायत आणि आवाज बारीक कुजबुजीसारखा आहे, तर ठीक.

एवढ्याचसाठी खोकं लहान नको. लांब हवं, निदान अडीच-तीन फूट. बल्ब एका टोकाला, दाणा-पाणी दुसऱ्या टोकाकडे. पिल्लाला नको वाटलं की लांब जाता आलं पाहिजे. शहरात घरी पाळलेली पिल्लं फक्त थंडीनेच मरतात हा समज आहे. छोट्या बंद खोक्यात मोठा बल्ब, यानेही जातात.

रंगाविषयी थोडं. अंड्यांच्या कोंबड्यांच्या जातीत नर पिल्लांचा व्यापाऱ्याला उपयोग नसतो, म्हणून उबवणी केंद्रावरच नर-मादी वेगळे करतात आणि ते नर रंगवून रस्त्यावर येतात. तेव्हा तुमचे चारही बहुधा कोंबडे. लांबचा प्रवास, उपाशी, रंगाचं पाणी अंगावर, त्यामुळे ही पिल्लं आधीच अशक्त असतात. धुवायला जाऊ नका, रंग नव्या पिसांबरोबर आपोआप जातो. आज पाण्यात थोडा गूळ विरघळवून द्या. पाण्याचं भांडं उथळ आणि त्यात गोट्या टाका, नाहीतर त्यातच बुडतात. खायला चिक स्टार्टर, म्हणजे लहान पिल्लांचं तयार खाद्य. नुसत्या तांदळाच्या कण्यांवर वाढ होत नाही.

शेपटीखाली शी चिकटून सुकली असेल तर कोमट पाण्याच्या बोळ्याने भिजवून हलकेच काढा, ओढू नका. ती जागा बंद झाली की पिल्लू दोन दिवसांत जातं. हे ऊब कमी-जास्त झाल्यानेही होतं.

लेकाला सांगा, पिल्लं हाताळून झाली की साबणाने हात. तोंडाजवळ नेऊन पापी घेणं बंद.

चाळीतली चिमणी | दुपारी १.१५

मंडळी, किती आभार मानू! रात्र बाटलीवर निघाली. नवरा साडेबारा, तीन आणि साडेपाचला उठला, मी कूस बदलली.

सकाळी हिरवं पिल्लू जरा मलूल वाटतंय. शी चिकटली होती, काढली.

बल्बची मोहीम: इथल्या दोन दुकानांत ६० वॉटचा पिवळा बल्ब मागितला. एक म्हणाला संपला. दुसरा म्हणाला, "ताई, म्युझियममध्ये बघा." नवऱ्याचं ऑफिस फोर्टात आहे, त्याला लोहार चाळीत, विजेच्या सामानाच्या बाजारात, पिटाळलंय.

तिसरा मजला | दुपारी २.४०

मी एरवी फक्त वाचत असते, पण आज लिहिते.

चार वर्षांपूर्वी आम्हीही अशीच सहा पिल्लं आणली होती. बल्ब शंभरचा होता, पुठ्ठ्याचं खोकं, खाली सुताराकडचा भुसा. बल्ब खोक्याच्या कडेला कपड्यांच्या दोन चिमट्यांनी लावला होता. प्लॅस्टिकचे चिमटे. दोन रात्री काही झालं नाही म्हणून निर्धास्त होतो. तिसऱ्या रात्री सासूबाई पाणी प्यायला उठल्या आणि त्यांना होमाचा वास आला. शब्दशः असंच म्हणाल्या, "होम कुठे चाललाय?" चिमटे मऊ होऊन वाकले होते आणि बल्ब भुशात टेकला होता. ताटाएवढा भाग काळा झाला होता, ज्वाळा नव्हती, नुसता धूर आणि आत लाल ठिपके. पिल्लं दुसऱ्या कोपऱ्यात. यांनी बटण बंद करून खोकं उचलून मोरीत टाकलं, नळ सोडला. चार वाचली.

सासूबाईंना रात्री पाणी प्यायची सवय नसती तर काय, हा विचार अजून डोक्यातून जात नाही. बाजूला गॅसचा सिलिंडर होता.

वायरमन | दुपारी ३.०२

हेच. ज्वाळा नसते, धुमसत राहतं. ताई, लिहिलंत ते बरं केलंत.

शंकासुर | दुपारी ३.३०

बरं, शब्द मागे. मग पुठ्ठा नको, प्लॅस्टिक वितळतं, लाकूड जळतं. ठेवायची कशात?

कोकणकडा | दुपारी ३.४१

पत्र्याची ट्रंक! प्रत्येक मुंबईकराच्या माळ्यावर एक असते, गावाहून आलेली, आत लग्नातली भांडी. झाकण उघडून भिंतीला टेकवायचं. पत्रा जळत नाही, कडा उंच म्हणून वारा लागत नाही.

पशुसेवक | दुपारी ४.१५

उत्तम. फक्त झाकण पक्कं बांधा, पडलं तर पिल्लांवर येईल. वर जाळी टाका, मांजर आणि कावळा दोघांचाही बंदोबस्त होतो. खाली भाताचं तूस मिळालं तर सर्वांत चांगलं. सुताराकडचा घ्यायचा तर रंध्याच्या साल्या घ्या. प्लायवूडचा बारीक भुसा नको, त्यात डिंक-रसायनं असतात आणि पिल्लं खातातही.

चाळीतली चिमणी | रात्री ९.५०

आली ट्रंक खाली! सासऱ्यांचं नाव आणि 'मु. पो. संगमेश्वर' रंगवलेली. माळ्याच्या हुकाला साखळी, साखळीला चिनीमातीचा होल्डर, शिवाय खिडकीच्या गजाला तारेने दुसरी बांधणी. बल्ब ६० वॉट, लोहार चाळीतून. खाली चादरीचा तुकडा.

बल्बखाली आधी ३८ अंश आले, दोन पिल्लं चोच उघडून लांब पळाली. साखळीच्या चार कड्या वर घेतल्या, आता ३४. दुसऱ्या टोकाला २६. आता खरंच पसरून बसलीत. लेक म्हणतो, "आई, ती कुजबुजतायत."

एकच प्रश्न. दिवस-रात्र चालू ठेवला तर बिल किती?

वायरमन | रात्री १०.०५

६० वॉट चोवीस तास म्हणजे दीड युनिटलाही कमी. बिलाची नका काळजी करू. झोपताना एकदा प्लगला हात लावून बघा (बल्बला नाही!). तो गरम लागत असेल तर पिन सैल आहे.

पावसाळी बेडूक | रात्री ११.२०

डिजिटल थर्मोस्टॅट का नाही लावत? अंडी उबवण्याच्या पेटीत असतो तो. ३४ झालं की बल्ब बंद.

वायरमन | रात्री ११.२८

लावा की, चांगलाच आहे. पण त्याचा सेन्सर पिल्लाच्या उंचीला पक्का बांधा. पिल्लांनी ओढून तो ट्रंकेबाहेर पडला तर त्याला बाहेरचे वीस अंशच दिसत राहणार आणि तो बल्ब बंदच करणार नाही. थर्मोस्टॅट आहे म्हणून २५०चा बल्ब लावायचा, हे तर अजिबात नको.

पावसाळी बेडूक | रात्री ११.३५

आणि उजेडाशिवाय गरम होणारे सिरॅमिकचे येतात ते? वन रूम किचनमध्ये रात्रभर उजेड म्हणजे माणसांची झोप गेली.

खुडूक कोंबडी | रात्री ११.५०

मी वापरलाय. झोप मिळते, पण तो तापलाय हे दिसत नाही. माझ्या मनगटावर अजून खूण आहे. त्यालाही चिनीमातीचाच होल्डर लागतो. ऊब देणारी प्लेटही मिळते, पायांवर उभी असते, पिल्लं तिच्याखाली आईसारखी शिरतात. वीज कमी खाते, पडण्याचा प्रश्न नाही. पाळायचीच असतील तर मला ती सगळ्यात पटते. चार रस्त्यावरच्या पिल्लांसाठी घ्यायची का, ते खिशाला विचारा.

एक फार महत्त्वाचं राहिलं. न फुटणारे म्हणून जे हीट बल्ब येतात, त्यांतल्या काहींवर टेफ्लॉनचा थर असतो. तो तापला की त्याच्या वाफेने पक्षी मरतात, माणसाला पत्ताही लागत नाही. तेच नॉनस्टिक तव्याचं. रिकामा तवा गॅसवर विसरलात आणि ट्रंक तिथेच असेल तर संपलं. पक्ष्यांची फुप्फुसं हवा आपल्यापेक्षा जास्त शोषतात. मच्छरची कॉइलही त्या खोलीत नको.

चाळीतली चिमणी | ११ जानेवारी, सकाळी ६.४०

डोश्याचा तवा आजपासून बिडाचा.

हिरवं गेलं. पहाटे चारला पाहिलं तेव्हा बल्बखाली पडलं होतं, बाकीची तिघं बाजूला बसली होती. लेकाला अजून सांगितलं नाही, शाळेला जायच्या आधी सांगू की नंतर, कळत नाहीये.

पशुसेवक | सकाळी ७.१०

आधी सांगा. तो ट्रंकेत बघणारच.

तुमच्या ऊबेत चूक नव्हती, असं मला वाटतं. मलूल पिल्लू आलं तेव्हाच मलूल होतं. बाकीच्यांवर आठवडाभर लक्ष ठेवा. लस घेतलेली असेल असं धरू नका. राणीखेत, आपल्याकडे मानमोडी म्हणतात ती, तिची लस साधारण पाचव्या ते सातव्या दिवशी डोळ्यात थेंब टाकून देतात. कुपी शंभर किंवा जास्त पिल्लांची येते, म्हणून तिघांसाठी कोणी फोडत नाही. परळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात विचारून बघा. आरे कॉलनीत केंद्र सरकारची कुक्कुट विकास संस्था आहे, तिथेही जाणकार माणसं भेटतील.

तिसरा मजला | सकाळी ७.२५

वाईट वाटलं गं. आमचीही दोन गेली होती.

शंकासुर | १४ जानेवारी, दुपारी १२.००

तिळगूळ घ्या. एक शंका: लाइट गेली तर? मुंबईत जात नाही म्हणू नका, १२ ऑक्टोबर २०२० आठवतोय, सगळी मुंबई बंद होती.

कोकणकडा | दुपारी १२.२०

त्या दिवशी माझ्याकडे आठ दिवसांची पिल्लं होती! काहीही झालं नाही. ऑक्टोबरच्या उकाड्यात पंखा बंद, आम्ही घामाघूम आणि पिल्लं मजेत. जानेवारीत रात्री गेली तर पहिल्या पानावरची बाटली आहेच. मेणबत्ती किंवा कोळशाची शेगडी मात्र जवळ नेऊ नका.

चाळीतली चिमणी | ३१ जानेवारी, रात्री ९.१५

तीन आठवडे झाले. तिघंही टणाटण. पंखांवर पांढरी पिसं आलीत, बाकी अंग गुलाबी-नारिंगी, अगदी होळीच्या दुसऱ्या दिवसासारखी दिसतात. गेल्या आठवड्यापासून दुपारी बल्ब बंद, रात्री ४०चा. काल रात्री तोही नको म्हणून तिघं लांबच्या टोकाला झोपली.

नवी अडचण: नारिंगी पिल्लू ट्रंकेच्या काठावर उडून बसतं, थेट बल्बच्या शेजारी.

वायरमन | रात्री ९.३०

मग आता बल्बच काढा.

पशुसेवक | रात्री ९.४५

दोन रात्री नुसता बंद ठेवून बघा. गठ्ठा करून ओरडली नाहीत तर काढलात तरी चालेल. खालचं कापड कोरडं ठेवा. या वयात ओलाव्याने रक्ती हगवण लागते, विष्ठेत रक्त दिसलं तर वाट बघत बसू नका.

चाळीतली चिमणी | १९ एप्रिल, पहाटे ५.०५

नारिंगी आरवला. आत्ता. तळमजल्यावरच्या आजोबांनी खिडकीतून "कोण रे तो?" विचारलं, नवऱ्याने "मोबाइलची रिंगटोन" सांगितलं. शनिवारी तिघांना घेऊन संगमेश्वरला निघालोय. ट्रंकेतूनच.

आडवाट | ८ जुलै, रात्री ८.३०

धागा वर काढतोय, माफी. मुलुंडला राहतो, उद्या गावरान पाच पिल्लं येतायत, दोन दिवसांची. घरात २८ अंश दाखवतंय, बाहेर धो धो. बल्ब लागेल का? पुठ्ठ्याचं खोकं आणि शंभरचा बल्ब आणलाय.

तिसरा मजला | रात्री ८.३४

आडवाट, वरची माझी पोस्ट वाचा आधी.

चाळीतली चिमणी | रात्री ८.५०

पहिला आठवडा तरी लागेल, ४०चा पुरे. पावसाळ्यात खालचं कापड दिवसातून दोनदा बदला, दमट राहतं. आणि ट्रंक हवी असेल तर सांगा. आमची परत आलीय, सासऱ्यांनी आतून धुऊन, उन्हात वाळवून पाठवली. साखळी आणि चिनीमातीचा होल्डर आतच आहे. भांडुप स्टेशनला, पश्चिमेला, उद्या सातनंतर.